टाइम मशीन मिळालं तरी धंदा आपोआप वाढणार नाही, मित्रांनो!



गेल्या रविवारच्या बॅचमध्ये एका मुलाने हात वर केला. बावीस-तेवीसचा असेल, मोबाईल कव्हर आणि चार्जरचं छोटं काम करतो. म्हणाला, "सर, समजा दुकानात असं एक मशीन ठेवलं, की त्यात शिरलं की आत एक तास होतो आणि बाहेर फक्त पाचच मिनिटं. मग आपण कुठल्या कुठे जाऊ ना?"

सगळे हसले. मीही हसलो आणि पुढच्या स्लाइडवर गेलो. पण रात्री शटर ओढताना तोच प्रश्न डोक्यात फिरत होता. कारण खरं सांगायचं तर गेली चार वर्षं मी तुम्हाला तेच मशीन विकतोय. "दिवस दुप्पट करा", "२४ तासांत ३६ तासांचं काम", असले व्हिडिओ मीच केलेत. म्हणून आज त्या मुलाला नीट उत्तर देतो. उत्तर "नाही" असं आहे, आणि का ते हिशोबाने दाखवतो.

आधी ही कल्पना आली कुठून?

आमचं झेरॉक्स-प्रिंटिंग-बाइंडिंगचं दुकान देवनारला, व्ही. एन. पुरव मार्गापासून आत. टाटा इन्स्टिट्यूट याच रस्त्यावर. हाच रस्ता चेंबूरवरून पुढे गेला की चुनाभट्टीला मराठी विज्ञान परिषदेचं विज्ञान भवन लागतं. १९७४ साली याच परिषदेच्या विज्ञानकथा स्पर्धेत 'कृष्णविवर' नावाच्या कथेला पहिला नंबर मिळाला. लेखकाचं नाव होतं नारायण विनायक जगताप. नंतर कळलं की हे तर जयंत विष्णू नारळीकर! आपलं नाव बघून परीक्षकांनी बक्षीस देऊ नये म्हणून त्यांनी आद्याक्षरं उलटी करून टोपणनाव घेतलं होतं. ती गोष्ट त्यांनी अहमदाबादला एका परिषदेत कंटाळवाणं भाषण चालू असताना लिहायला घेतली, हे त्यांनीच सांगितलेलं आहे. फुकट जाणारा वेळ कसा वापरायचा, याचं यापेक्षा चांगलं उदाहरण माझ्या कोर्समध्ये नाही. पुढे त्यांचं 'टाइम मशीनची किमया' नावाचं पुस्तकही आलं.

कृष्णविवर म्हणजे ब्लॅक होल. त्याच्या जवळ गुरुत्वाकर्षण इतकं जबरदस्त असतं की तिथे वेळ लांबच्या माणसाच्या मानाने हळू चालते. हे विज्ञान आहे, थापा नाहीत. तुमच्या मोबाईलमधलं जीपीएस घ्या. त्याचे उपग्रह साधारण २०,००० किलोमीटर उंचीवर फिरतात आणि त्यांच्यावरची घड्याळं जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा रोज ३८ मायक्रोसेकंदांनी पुढे जातात. सेकंदाचे दहा लाख भाग केले तर त्यातले ३८. ही दुरुस्ती केली नाही तर डिलिव्हरीवाल्याला तुमचं दुकान सापडणार नाही, कारण चूक दिवसाला काही किलोमीटरने वाढत जाईल.

आणि आपल्याकडे भागवतातला राजा ककुद्मी आहेच. मुलगी रेवती, तिच्यासाठी स्थळ विचारायला ब्रह्मलोकी गेला. तिथे गाणं चालू होतं म्हणून थोडा वेळ थांबला. तेवढ्यात खाली सत्तावीस चतुर्युगं उलटली आणि मनात धरलेली सगळी स्थळं संपली! शेवटी रेवतीचं लग्न बलरामाशी झालं.

ही गोष्ट मी बॅचमध्ये सांगतो, कारण यात धंद्याचा पहिला नियम आहे. तुमची वेळ बदलली म्हणून समोरच्याची बदलत नाही. ककुद्मीच्या घड्याळात काही मिनिटं गेली असतील, पण ज्यांच्याशी व्यवहार करायचा होता त्यांचं घड्याळ वेगळंच चाललं होतं.

माझी चूक: चार लाख ऐंशी हजारांची

२०२२ मध्ये मी एक मोठं डिजिटल प्रिंटर घेतलं. चार लाख ऐंशी हजार, पाच वर्षांचं कर्ज, महिना साडेदहा हजारांच्या आसपास हप्ता. कारण काय, तर सबमिशनच्या सीझनला दुकानाबाहेर लाइन लागायची आणि मुलं कंटाळून दुसरीकडे जायची. बीबीए केलेला माणूस मी, डोक्यात एकच: मशीन स्लो आहे, फास्ट घ्या.

मशीन आलं, पूजा झाली, पेढे वाटले. लाइन तशीच!

मग एक दिवस मी मोबाईलवर स्टॉपवॉच लावलं. ते खरं म्हणजे कर्ज घ्यायच्या आधी लावायला हवं होतं. जुन्या मशीनवर एका गिऱ्हाइकाला सरासरी ६ मिनिटं लागत होती. त्यातली साडेतीन मिनिटं फाइल शोधण्यात आणि पाठवण्यात. "दादा, थांबा हं, मेलवर आहे बहुतेक... नाही नाही, पेन ड्राइव्हमध्ये..." प्रिंट निघायला दीड मिनिट. आणि भाव विचारणं, पेमेंट, सुट्टे, "आवाज आला का?" यात एक मिनिट.

नवं मशीन तिप्पट फास्ट. म्हणजे दीड मिनिटाचं अर्धं मिनिट झालं. ६ ची झाली ५. तासाला आधी १० गिऱ्हाइकं व्हायची, आता १२. मशीन तिप्पट, गिऱ्हाईक दोन जास्त!

आता त्या मुलाचं टाइम मशीन आणू. प्रिंटर त्या जादूच्या खोलीत ठेवला. आत वेळ बारापट, म्हणजे दीड मिनिटाचं काम बाहेरच्या माणसाला साडेसात सेकंदांत मिळेल. बाकीची साडेचार मिनिटं? ती बाहेरच. कारण फाइल शोधणारा मुलगा खोलीत नाहीये, तो काउंटरवर उभा आहे. हिशोब केला तर तासाला साधारण १३ गिऱ्हाइकं.

मग मी काय केलं ते ऐका. साडेतीनशे रुपयांचा एक बोर्ड बनवला. वर मोठ्या अक्षरांत भाव, खाली क्यूआर कोड. स्कॅन करा आणि लाइनमध्ये उभे असतानाच फाइल पाठवा. साडेतीन मिनिटांची दीड मिनिटं झाली. हा बोर्ड मी जुन्या मशीनसोबत लावला असता, तर एका माणसाला ४ मिनिटं लागली असती. तासाला १५.

परत एकदा बघा. जगातलं सगळ्यात भारी काल्पनिक मशीन: १३ गिऱ्हाइकं. साडेतीनशे रुपयांचा बोर्ड: १५.

आता बोर्ड आणि नवं मशीन दोन्ही आहेत, तर तासाला २० होतात. म्हणजे मशीन वाईट नव्हतं. माझा नंबर चुकला होता, दुसरं करायचं ते मी पहिलं केलं. मुद्रा लोनचा फॉर्म भरण्याआधी, मग ते ५० हजारांपर्यंतचं शिशू असो की त्यापुढचं, दोन दिवस स्टॉपवॉच लावा. काम कुठे अडतंय ते बघा. जिथे अडत नाही तिथे वेग विकत घेतला तर फक्त हप्ता फास्ट येतो.

धंद्यात घड्याळं तीन असतात

पहिलं तुमचं. दुसरं गिऱ्हाइकाचं. तिसरं पैशाचं. आपण फक्त पहिल्याच्या मागे लागतो.

गिऱ्हाइकाचं घड्याळ कसं सांभाळायचं ते मुंबईच्या डबेवाल्यांकडून शिका. १८९० पासूनचं काम. त्यांनी लोकल ट्रेन फास्ट केली नाही. जेवणाची सुट्टी किती वाजता होते ते पकडलं आणि तिथून उलटा हिशोब करत सकाळी डबा किती वाजता उचलायचा ते ठरवलं. सगळा धंदा जेवणाऱ्या माणसाच्या घड्याळाला बांधलेला.

आणि पैशाचं घड्याळ? त्याबद्दल मला एका ताईंनी शिकवलं. हे लिहायला मला जड जातंय, पण लिहितो.

"तो वेळ कुठून आला, ते तुम्ही सांगितलं नव्हतं"

गोवंडीच्या बाजूला राहणाऱ्या एक ताई डब्यांचं काम करायच्या. रोज ४० डबे. सगळी घरगुती माणसं, महिन्याचे पैसे आगाऊ देणारी. त्यांनी माझा तो "पहाटे उठा, दिवस दुप्पट करा" वाला व्हिडिओ बघितला आणि मनावर घेतला. साडेपाचला उठायच्या त्या साडेतीनला उठायला लागल्या. दोन तास जास्तीचे मिळाले. एका छोट्या ऑफिसची ऑर्डर घेतली, २५ डबे, ८० रुपयांनी.

कागदावर मस्त दिसतं. २५ गुणिले ८०, दिवसाला २,००० रुपये. २६ दिवसांचे ५२,०००. पण ऑफिसवाले म्हणाले, बिल लावा, बघतो. दोन महिने एक रुपया आला नाही. म्हणजे १ लाख ४ हजार बाहेर. आणि भाजी, डाळ, तेल, गॅस? ते तर रोख. डब्याला ५० रुपये धरले तरी ६५,००० रुपये ताईंच्या खिशातून गेले. त्यासाठी त्यांनी भिशी आधी उचलली. एक दिवस पहाटे झोप पूर्ण झाली नव्हती, हातातून कढई निसटली, तेल मनगटावर आलं. दोन महिने काम बंद. घरगुती चाळीसातले निम्मे लोक दुसरीकडे गेले.

या सगळ्यानंतर त्या माझ्या बॅचला आल्या. चिडल्या नव्हत्या. चहाच्या वेळी शांतपणे म्हणाल्या, "सर, तुम्ही सांगितलं तसं केलं. वेळ मिळाला. पण तो वेळ कुठून आला, ते तुम्ही सांगितलं नव्हतं."

मित्रांनो, माझ्याकडे उत्तर नव्हतं. तो वेळ झोपेतून आला होता.

जादूची खोली असली तरी हेच होईल. आत तुम्ही रोज आठ तास जास्तीचे काढलेत, तर शरीराला ते आठ तास लागतातच. तीन वर्षांत ८,७६० तास होतात, म्हणजे पूर्ण एक वर्ष. बाहेर तीन वर्षं गेली, तुम्ही चार वर्षांनी म्हातारे झालात. मशीन वेळ बनवत नाही, तुमच्याच आयुष्यातून उचलून देतं.

मुंबईने हे एकदा बघितलंय. १९०६ साली सरकारने भारताची एक प्रमाणवेळ लागू केली. ती मुंबईच्या स्थानिक वेळेपेक्षा ३९ मिनिटं पुढे होती. वरच्यांना वाटलं, घड्याळाचा काटा सरकवायचा, काय मोठंसं? पण गिरणी कामगार भडकले, कारण त्यांच्यासाठी त्याचा अर्थ होता ३९ मिनिटं आधी, अंधारात उठून कामावर जाणं. शहरात 'मुंबई टाइम' पुढे कितीतरी वर्षं चालूच राहिला, अगदी १९५५ पर्यंत. काटा कोणीही सरकवू शकतं. पण तो कोणाच्या झोपेवर सरकतोय, हे आधी विचारायला हवं.

आणि ताईंच्या बाबतीत बघा, त्या किती फास्ट चालत होत्या याला अर्थच नव्हता. पैशाचं घड्याळ साठ दिवस मागे होतं. जेवढं काम फास्ट, तेवढी उधारी फास्ट! जादूच्या खोलीत त्यांनी ५० डबे जास्तीचे केले असते, तर खड्डा दुप्पट मोठा झाला असता.

हे घड्याळ पुढे आणायला कायदा आहे. तुमची उद्यम नोंदणी असेल, तर २००६ च्या एमएसएमई कायद्याप्रमाणे माल किंवा सेवा घेणाऱ्याने ठरलेल्या मुदतीत पैसे द्यायचे असतात, आणि ती मुदत ४५ दिवसांपेक्षा जास्त ठेवता येत नाही. लेखी काही ठरलंच नसेल तर १५ दिवस. उशीर केला तर रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट दराने चक्रवाढ व्याज. रोज कोणी कोर्टात जात नाही, मला माहितीये. पण उद्यम नंबर आणि मुदतीची तारीख बिलावर छापलेली असली, की अकाउंटवाल्याच्या हातात तुमचं बिल वेगळं दिसतं. निदान २५ डब्यांना आठवड्याचे पैसे आगाऊ, एवढं तरी पहिल्या दिवशी बोलून घ्या.

मग खरं टाइम मशीन नाहीच का?

आहे की! आपल्या आज्या वापरायच्या. वाळवण म्हणजे दुसरं काय? एप्रिल-मे मध्ये ऊन फुकट असतं, हात मोकळे असतात. तेव्हाच्या कुरडया, पापड, सांडगे पावसाळ्यात ताटात येतात. उन्हाळ्यातला वेळ डब्यात भरून ठेवायचा आणि आषाढात काढायचा. माझ्या दुकानात वाळवण म्हणजे मंदीच्या महिन्यात कापून ठेवलेली कव्हरं, लावून ठेवलेले जुन्या प्रश्नपत्रिकांचे सेट. तुमच्या धंद्यात काय आहे ते शोधा. गर्दीच्या वेळी करावं लागणारं कोणतं काम रिकाम्या वेळेत होऊन टिकू शकतं?

दुसरं, त्या मुलाच्या कल्पनेत एक गोष्ट एकदम बरोबर आहे, ती मान्य करतो. भाडं आणि हप्ता बाहेरच्या घड्याळाने चालतात. म्हणजे त्याच भाड्यात जास्त तास काम झालं तर फायदा आहे. पण त्यासाठी जादूची खोली कशाला? माझं दुकान सकाळी दहापर्यंत बंद असायचं, भाडं मात्र त्या तासांचंही जायचं. आता सात ते दहा एक जण दुकानाच्या पुढच्या पायरीवर पोहे-उपमा विकतो आणि मला महिन्याला ठरलेले पैसे देतो. त्या तीन तासांत मी मुलीला शाळेत सोडतो. माझ्या आयुष्यातलं एक मिनिट न घालता दुकानाचा दिवस तीन तासांनी मोठा झाला. याला मी आता "वेळ वाढवणं" म्हणतो.

काही जण म्हणतील, सर, सुरुवातीला घासावंच लागतं, झोप वगैरे नंतर. घासावं लागतं, शंभर टक्के. मीही घासलंय. सीझनचे पंधरा दिवस रात्री बारापर्यंत दुकान उघडं असतं. पण पंधरा दिवस आणि पंधरा महिने यात फरक आहे. ज्या धंद्याचं गणित तुम्ही झोपल्याशिवायच जमतं, त्यात भाव चुकलाय, उधारी चुकलीय किंवा माणूस कमी आहे. ते आधी दुरुस्त करा. झोप विकून तोटा झाकू नका.

तो "दिवस दुप्पट करा" व्हिडिओ मी काल चॅनलवरून काढलाय. व्ह्यूज चांगले होते, पण काढला. ताई, तुम्ही हे वाचत असाल तर सगळ्यांसमोर सांगतो, माझं चुकलं. तुमचं काम पुन्हा सुरू झालंय, ३० डबे, सगळे आगाऊ पैशांचे, हे ऐकून जेवढं बरं वाटलं तेवढं सबस्क्रायबर वाढल्यावरही वाटलं नव्हतं.

आता या आठवड्याचा होमवर्क. एक वही घ्या, तीन रकाने पाडा. पहिल्यात एका ऑर्डरला तुमचा किती वेळ जातो, दुसऱ्यात गिऱ्हाइकाला किती थांबावं लागतं, तिसऱ्यात पैसे किती दिवसांनी हातात येतात. दहा ऑर्डरी लिहा. सगळ्यात मोठा आकडा कुठल्या रकान्यात आला ते कमेंटमध्ये सांगा. मी पैज लावतो, निम्म्याहून जास्त लोकांचा तिसऱ्यात येईल.

आणि माझ्या त्या मित्राला: प्रश्न भारी होता रे! पुढच्या रविवारी लवकर ये, पोहे माझ्याकडून.

भेटू पुढच्या व्हिडिओत.